इंदिर ठाकरुण सगळ्यांना आठवते, चुनीबाला कुणाला?

सत्यजित राय यांचा १९५५ चा बंगाली सिनेमा पथेर पांचाली ज्यांनी पाहिलाय त्यांना नुसतं विचारून बघा, काय आठवतं म्हणून. उत्तरं जवळपास ठरलेली असतात. कासफुलांच्या रानातून धावत सुटलेली दोन भावंडं आणि लांबून धूर सोडत येणारी आगगाडी, पहिल्या पावसात केस मोकळे सोडून नाचणारी दुर्गा, आणि ती म्हातारी. कंबरेत पार वाकलेली, तोंडाचं बोळकं झालेली, बोचकं आणि लोटा घेऊन सारखी घराबाहेर काढली जाणारी आणि सारखी परत येणारी इंदिर ठाकरुण. पण हिचं काम कुणी केलंय असं पुढे विचारलं की गाडी अडते. सत्यजित राय माहीत असतात, रविशंकर माहीत असतात, फार तर कॅमेरामन सुब्रत मित्र, पण चुनीबाला देवी हे नाव भल्याभल्या सिनेमावाल्यांना पटकन येत नाही. काही जण तर बिनधास्त सांगतात की अहो ती नटी नव्हतीच, गावातलीच कुणीतरी आजी धरून आणली होती.

हे ऐकलं की मला जाम खटकतं. म्हणजे लोक कौतुक म्हणूनच बोलतात, किती नैसर्गिक, अभिनय वाटतच नाही वगैरे, हेतू वाईट नसतो, पण त्या कौतुकात बाईने केलेलं सगळं काम पुसलं जातं ना. चुनीबाला गावातली आजी नव्हती. उमेदीची वर्षं रंगभूमीवर घालवलेली नटी होती ती. आणि माझं तर म्हणणं असं की पथेर पांचालीच्या त्या सगळ्या नवशिक्या टोळीत कामात मुरलेलं सगळ्यात जुनं माणूस कोण असेल तर तीच.

टोळी नवशिकी म्हणजे किती ते जरा बघा. राय तेव्हा कोलकात्यात डी. जे. कीमर नावाच्या जाहिरात कंपनीत नोकरीला, हा त्यांचा पहिलाच सिनेमा, शूटिंग करायचं ते सुट्टीच्या दिवशी. कॅमेरामन सुब्रत मित्र जेमतेम विशीतला, आणि त्याने त्याआधी मूव्ही कॅमेरा चालवलेला सुद्धा नव्हता. पोरांच्या आईचं, सर्वजयाचं काम करणाऱ्या करुणा बॅनर्जी हौशी रंगभूमीवरच्या. अपू आणि दुर्गा ही भावंडं तर पोरंच. त्यांचा बाप हरिहर झालेले कानू बॅनर्जी आणि शाळामास्तर कम वाणी झालेले तुलसी चक्रवर्ती असे एखाद दोन मुरलेले नट सोडले तर बाकी सगळा उत्साहाचा कारभार. आणि या सगळ्यांत ऐंशीच्या घरातली ही बाई.

ती सापडली कशी याची गोष्ट भारी आहे. विभूतिभूषण बंद्योपाध्यायांची मूळ कादंबरी १९२९ ची, तिच्यात इंदिर ठाकरुणचं वर्णन आहे ते पंचाहत्तरीची, गाल बसलेले, कंबरेत वाकलेली, नजर अधू झालेली असं. आता त्या काळच्या सिनेमात म्हातारी दाखवायची म्हणजे तरुण नाहीतर मध्यमवयीन बाईला घ्यायचं, केसांना पांढरी पावडर फासायची, तोंडावर पेन्सिलीने सुरकुत्या ओढायच्या आणि आवाज थरथरवायला सांगायचा. राय यांना ते अजिबात नको होतं. मेकअप नाहीच करायचा असं त्यांनी ठरवलेलं. म्हणजे मग खरीच इतकी म्हातारी बाई पाहिजे, तिला डायलॉग पाठ झाले पाहिजेत, ऊनपावसात गावात जाऊन काम करायची ताकद पाहिजे, आणि मुख्य म्हणजे कॅमेऱ्यापुढे उभं राहता आलं पाहिजे. अशी बाई शोधायची कुठे! शेवटी चुनीबालाचा पत्ता लागला तो कोलकात्यातल्या वेश्यावस्तीतल्या एका घरात.

इथे जरा थांबायला पाहिजे कारण बऱ्याच लेखांमधे हे वाक्य मसाला म्हणून टाकतात आणि पुढे जातात. त्यामागे बंगाली रंगभूमीचा सगळा इतिहास आहे. कोलकात्याच्या बेंगॉल थिएटरने १८७३ मधे बायकांच्या कामासाठी बायका घेतल्या, कवी मायकेल मधुसूदन दत्तांनी त्याचा आग्रह धरला होता म्हणतात. आपल्याकडे तेव्हा बायकांची कामं पुरुषच करत होते आणि पुढे बालगंधर्वांच्या काळापर्यंत ते चालूच राहिलं, तेही कसं तर त्यांच्या शालूची नक्कल घराघरातल्या बायका करायच्या इतक्या थाटात. बंगालात ते लवकर मोडलं, पण नाटकात यायला तयार बायका होत्या त्या याच वस्त्यांमधल्या, कारण घरंदाज म्हणवणाऱ्या घरातली बाई तिथे पाऊल टाकणार नव्हती. त्यामुळे झालं असं की संध्याकाळी जिच्या नावाने तिकिटं खपायची तिला सकाळी त्याच प्रेक्षकाच्या घरी उंबऱ्यावर उभं केलं नसतं. बिनोदिनी दासी या सगळ्यांत मोठी. तिच्या नावाने थिएटर बांधायचं कबूल झालं होतं, तिने त्यासाठी काय काय सोसलं, आणि १८८३ मधे थिएटर उभं राहिलं तेव्हा नाव लागलं स्टार. बिनोदिनीने पुढे स्वतःची कहाणी तरी लिहून ठेवली. तिच्या मागून आलेल्या कितीतरी जणींचं काहीच राहिलं नाही, नाटक संपलं की संपलं.

चुनीबाला या मागून आलेल्यांतली. सिनेमातही तिने थोडं काम केलं होतं, १९३० चा विग्रह आणि १९३९ चा रिक्ता ही दोन नावं सापडतात, आणि त्यानंतर काहीच नाही. तरुणपण सरलं की नटीला कोण विचारतं. म्हणजे राय तिच्या दारात गेले तेव्हा ती नाटक-सिनेमाच्या धंद्याने विसरून टाकलेली बाई होती, आणि विसरलेल्या माणसाची परीक्षा घ्यायला एक तिशीतला उंचापुरा मनुष्य आला होता ज्याने स्वतः एकही सिनेमा केलेला नव्हता. मला हे चित्र फार मजेशीर वाटतं.

परीक्षा काय घेतली? एखादं बडबडगीत येतं का म्हणून विचारलं. बंगालीत घूम पाडानी माशी पिशी म्हणून अंगाईगीत आहे, पोरांना झोपवताना म्हणतात ते. राय यांना स्वतःला त्याच्या काही ओळी येत होत्या. बाईंनी सुरू केलं आणि त्या म्हणतच राहिल्या, राय यांनी कधी ऐकल्याही नव्हत्या इतक्या ओळी एकामागून एक. पाठांतराचा प्रश्न मिटला. मग विचारलं की पहाटे उठून गाडीने गावात जायचं, दिवसभर काम करायचं, संध्याकाळी परत यायचं, झेपेल का. तर म्हणे झेपेल की. शहराच्या दक्षिणेला बोराल गावात शूटिंग होतं. रोजाचे २० रुपये ठरले.

२० रुपये ऐकून आज हसू येईल. पण सिनेमाचा एकूण खर्चच लाखाच्या आसपास खेळत होता, आणि तोही जमत नव्हता. राय यांनी विम्याची पॉलिसी गहाण टाकली, ग्रामोफोनच्या रेकॉर्डी विकल्या, बायको बिजया राय यांचे दागिने गहाण पडले. तेव्हा २० रुपये कमी होते असं मी म्हणणार नाही. फक्त ते रोजावर होते, शूटिंग असेल त्या दिवशी. आणि शूटिंग रोज कुठे होतं!

आता मुद्द्यावर येतो, तिच्या कारागिरीच्या.

सिनेमाचं शूटिंग क्रमाने होत नाही हे सगळ्यांना माहीत असतं, पण नटाला त्याचा त्रास काय होतो हे लक्षात येत नाही. तुम्ही दारातून आत आलात हा शॉट आज घेतला आणि आत येऊन बसलात हा शॉट पंधरा दिवसांनी घेतला. तेव्हा पदर कसा होता, कुठला हात कुठे होता, चेहऱ्यावर घाम होता का, सगळं जुळलं पाहिजे, नाहीतर पडद्यावर एका सेकंदात माणूस बदललेला दिसतो. याला कंटिन्युइटी म्हणतात आणि मोठ्या युनिटमधे त्यासाठी वेगळं माणूस असतं. पथेर पांचालीत तर शॉटाशॉटांमधे कधी कधी महिने जात होते. आणि राय यांनीच लिहून ठेवलंय की चुनीबाला हे सगळं लक्षात ठेवायची. ऐंशी वर्षांची बाई मधेच थांबवून सांगायची की अहो त्या शॉटमधे माझा उजवा हात ओला होता, आता कोरडा कसा. घाम होता चेहऱ्यावर, आता का नाही. बोचकं या हातात होतं आणि लोटा त्या हातात. दिग्दर्शकाचं राहिलेलं ती पकडून द्यायची.

धरून आणलेली आजी हे करत नाही. ज्या बाईने आयुष्य रंगमंचावर काढलंय, हातातली वस्तू कुठे ठेवायची आणि कुठून उचलायची हे रोज रात्री त्याच जागी करून दाखवलंय, तिच्या अंगातच ते बसलेलं असतं.

आणि हेच पडद्यावर बघायचं असेल तर सुरुवातीचा जेवणाचा प्रसंग बघा. म्हातारी ओट्यावर बसून खातेय. भात किती तर थोडासा. बोटं एकत्र करून घास उचलते, तोंडात दात नाहीत त्यामुळे गाल आत बाहेर होतात, मग बोटं चाटते, मग भांड्याला लागलेलं निपटते. समोर छोटी दुर्गा बसून टक लावून बघतेय. सगळं खाऊन झाल्यावर म्हातारीच्या लक्षात येतं की अरे, पोरीसाठी काही ठेवलंच नाही आपण. त्या क्षणाला तिच्या चेहऱ्यावर जे येतं ते मी कितीही वेळा रिवाइंड करून बघू शकतो. लाज आहे थोडी, थोडं हसू आहे, आणि खाल्ल्याचं सुख पण लपत नाहीये. तिन्ही एकदम. यात कुठेही गरीब बिचारी म्हातारी असा आव नाही. ती हावरट आहे थोडी, खाण्यावर जीव आहे तिचा, सर्वजयाच्या स्वयंपाकघरातनं गुपचूप काहीबाही उचलते, दुर्गा दुसऱ्याच्या बागेतले पेरू चोरून आणते तर हिला आनंदच होतो. सर्वजया चिडते ते उगाच चिडत नाही, स्वतःच्या पोरांना पुरत नाही आणि त्यात ही नवऱ्याची लांबची बहीण. दोघींचीही बाजू पटते हे त्या सिनेमाचं मोठेपण आहे, आणि त्याचं निम्मं श्रेय चुनीबालाला द्यायला पाहिजे, कारण तिने जर सहानुभूती मागितली असती तर सर्वजया खाष्ट वहिनी होऊन गेली असती आणि सगळा तोल गेला असता.

आपल्या सिनेमात आणि मालिकांत म्हातारी माणसं कशी असतात आठवून बघा. एक तर देवघरातल्या समईसारखी तेवत बसलेली, नाहीतर कजाग. हावरट आणि गोड आणि खोडकर आणि अपमान झाला की बोचकं आवळून ताडकन निघून जाणारी म्हातारी कितीदा दिसते?

निघून जायचे प्रसंग पण बघण्यासारखे आहेत. नवी शाल पाहिजे असते तिला, जुनी फाटलीय. गावातला एकजण देतो. सर्वजयाला ते लागतं, आपण घातलं नाही म्हणून ही बाहेर मागत फिरते असा अर्थ होतो ना त्याचा, आणि ती तिला घालवून देते. मग शेवटचं परत येणं. अंगात त्राण नाही, बरं नाही, आपल्या माणसांत मरावं म्हणून आलीय, पण सर्वजया थारा देत नाही. म्हातारी पाणी मागते, तर तेही स्वतःच घे म्हणून उत्तर. ती घेते. पिते. आणि लोट्यात उरलेलं पाणी अंगणातल्या एका लहान रोपाला घालते. मग उठून हळूहळू चालू लागते. काही डायलॉग नाही. रोपाला पाणी घालायची ती कृती इतकी सवयीची, इतकी बिनमहत्त्वाची करून दाखवलीय तिने की पहिल्या वेळी बघताना निसटून पण जाईल. दुसरा कुणी नट असता तर तिथे एक मोठा सुस्कारा टाकून प्रेक्षकांकडे बघितलं असतं. (नावं घेत नाही, तुमच्या डोळ्यासमोर आलीच असतील.)

पुढचं सगळ्यांना माहीत आहे. आगगाडी बघून परत येणारी पोरं, बांबूच्या बनात बसलेली आत्या, दुर्गाला वाटतं झोपलीय म्हणून ती हलवते, आणि म्हातारी एका बाजूला कलंडते. डोकं जमिनीवर आपटतं. लोटा घरंगळत जाऊन पाण्यात पडतो. कादंबरीत हे असं नाहीये. तिथे ती गावात मोठ्या माणसांसमोर जाते आणि बरीच आधी जाते. राय यांनी तिला जास्त वेळ जिवंत ठेवलं आणि मरण पोरांच्या पुढ्यात आणलं. बदल करायचा निर्णय पटकथा लिहिणाऱ्याचा खरा, पण ते पडणं करायचं ऐंशीच्या बाईने. डमी नाही, गादी दिसत नाही, तुम्हीच बघा ते कसं पडलंय.

मधे जवळपास वर्षभर शूटिंग बंद होतं, पैसेच संपलेले. पश्चिम बंगाल सरकारने शेवटी पैसे दिले, तेही रस्ता सुधारणेच्या खात्यातून कारण सिनेमाच्या नावात रस्ता होता, हा किस्सा इतक्यांदा सांगून झालाय की मी परत नाही सांगत. पण त्या बंद वर्षाचा चुनीबालाच्या बाजूने विचार केलाय का कुणी? राय नंतर म्हणायचे की तीन चमत्कारांनी हा सिनेमा वाचवला, अपूचा आवाज फुटला नाही, दुर्गा मोठी दिसायला लागली नाही, आणि इंदिर ठाकरुण मेली नाही. वाक्य मजेदार आहे आणि सगळे हसतात. पण जी मेली नाही ती घरी बसून होती, रोजाचे २० रुपये बंद, सिनेमा पुरा होणार का याची खात्री खुद्द करणाऱ्यालाच नाही. आणि पुन्हा बोलावणं आलं तेव्हा ती आली आणि जिथे सोडलं होतं तिथूनच पुढे सुरू केलं. सिनेमात कुठेही जोड दिसत नाही. तुम्ही मला दाखवून द्या, म्हातारी कुठल्या शॉटमधे आधीची आणि कुठल्या शॉटमधे नंतरची. मला तरी ओळखता नाही आलेलं.

गाण्याचं पण सांगायलाच पाहिजे. चांदण्या रात्री ओट्यावर बसून ती एकटीच गाते तो प्रसंग. हरी, दिवस सरला, सांज झाली, आता मला पार ने, अशा अर्थाचं जुनं भक्तीगीत आहे, कांगाल हरिनाथांचं, एकोणिसाव्या शतकातलं. आपल्याकडच्या माणसाला ते ऐकताना पैलतीर आठवल्याशिवाय राहत नाही. तर हे गाणं राय यांनी निवडलेलं नाही, चुनीबालाने आणलंय. आधी तिने दुसरंच एक म्हटलं होतं, आणि नंतर सांगितलं की मला एक याच्यापेक्षा चांगलं आठवलंय. ते खरंच चांगलं निघालं. म्हणजे पथेर पांचालीतला जो भाग लोक राय यांची प्रतिभा म्हणून दाखवतात, त्यातला एक तुकडा या बाईच्या डोक्यातल्या साठ सत्तर वर्षांच्या साठ्यातून आलाय. त्यावर कुठलंही वाद्य नाही, नुसता तो फाटका आवाज. रविशंकरांची सतार एरवी सिनेमाभर आहे, तिथे नाही आणि नाही तेच बरं.

आणि तिरडीचा किस्सा. अंत्ययात्रेचा शॉट घ्यायचा होता, आणि इतक्या म्हाताऱ्या बाईला तिरडीवर बांधून घ्या असं सांगायचं कसं म्हणून राय यांचाच धीर होईना. आपल्याकडे पण विचार करा, ऐंशीच्या माणसाला असं कुणी म्हणेल का, अशुभ म्हणून घरचे अंगावर येतील. बाई म्हणाल्या त्यात काय एवढं, अभिनय तर आहे. पहाटे लवकर शॉट लावला. दोऱ्यांनी बांधलं, खांदेकऱ्यांनी उचललं, शॉट झाला, तिरडी खाली ठेवली, दोऱ्या सोडल्या. तर बाई हलेचनात. सगळ्यांच्या पोटात गोळा. हे काय होऊन बसलं म्हणून एकमेकांकडे बघतायत, आणि तेवढ्यात डोळे उघडून म्हातारी विचारते, शॉट झाला? मग सांगायचं नाही का मला, मी आपली मेलेलीच पडून राहिलेय!

तिने गंमत केली की खरंच कट ऐकू आलं नव्हतं, काय माहीत. मला विचाराल तर गंमतच केली असणार, नाटकवाल्या माणसाला टायमिंग कळतं.

एकाच कामासाठी लक्षात राहिलेली माणसं या सिनेमात बरीच आहेत तशी. अपू झालेला सुबीर बॅनर्जी, ज्याला बिजया राय यांनी शेजारच्या गच्चीवर खेळताना हेरलं, त्याने पुन्हा सिनेमा केला नाही. दुर्गा झालेल्या उमा दासगुप्ता शिक्षिका झाल्या, २०२४ च्या नोव्हेंबरमधे गेल्या तेव्हा सगळ्या पेपरांनी तो एकच फोटो छापला. पण त्या दोघांचं वेगळं होतं. त्यांनी लहानपणी एकदा काम केलं आणि आपापल्या आयुष्याला लागले, तो दरवाजा त्यांनी स्वतः बंद केला. चुनीबालाचं उलटं. ती आयुष्यभर या धंद्यात होती, बाकीचं सगळं काम हवेत विरून गेलं, आणि एकच राहिलं तेही अगदी शेवटी मिळालेलं. म्हणून एका भूमिकेची नटी असं तिला म्हणताना माझी जीभ जरा अडखळते. भूमिका शेकड्याने नसल्या तरी बऱ्याच केल्या असणार तिने, आपल्याकडे शिल्लक एक आहे इतकंच.

आणि ती एक पण थोडक्यात वाचली. १९९३ मधे लंडनच्या लॅबला आग लागली त्यात पथेर पांचालीची मूळ निगेटिव्ह भाजली. पुढे कितीतरी वर्षांनी इटलीतल्या बोलोन्याच्या, जुने सिनेमे दुरुस्त करणाऱ्या लोकांनी जळक्या रिळांवर हाताने काम करून जमेल तेवढ्या फ्रेमा सोडवल्या आणि २०१५ मधे फोर के प्रिंट आली. तुम्ही जर जुनी, पांढऱ्या रेघा पडलेली, आवाज खरखरणारी कॉपी बघितली असेल तर ही नवीन जरूर बघा. म्हातारीच्या चेहऱ्यावरची एक एक रेघ दिसते. दुर्गाने आणलेला पेरू मडक्यात सापडतो तेव्हा डोळ्यांत जी चमक येते ती जुन्या कॉपीत मला दिसलीच नव्हती. रात्री पोरांना राक्षसाची गोष्ट सांगते तेव्हा मागे भिंतीवर तिची भलीमोठी सावली आहे, त्या सावलीचे काठ पण आता स्वच्छ दिसतात.

सिनेमा न्यूयॉर्कला म्युझियम ऑफ मॉडर्न आर्टमधे १९५५ च्या मे महिन्यात दाखवला, कोलकात्यात २६ ऑगस्टला लागला, पुढच्या वर्षी फ्रान्सच्या कान महोत्सवात बक्षीस मिळालं. हे सगळं होईपर्यंत चुनीबाला राहिली नाही. सिनेमा लागायच्या आधीच इन्फ्लुएंझाने गेली. तरी एक बरं झालं, राय यांनी तिच्या घरी प्रोजेक्टर नेऊन तिला सिनेमा दाखवला होता. तिला तो कसा वाटला असेल याचा विचार मी बरेचदा करतो. आपलंच मरण बघताना रडली वगैरे असेल असं मला नाही वाटत. बोचकं कुठल्या हातात आणि लोटा कुठल्या, ते बरोबर जुळलंय ना, हे तिने आधी तपासलं असणार.